वीजचोरी, मीटरमधील फेरफार आणि कायदा : वादांचे स्वरूप व न्यायनिर्णयांची दिशा

विजेचे उत्पादन, पारेषण आणि वितरण हे वीज व्यवसायाचे तीन टप्पे होत. या तिन्ही टप्प्यांवर होणाऱ्या खर्चाची वसुली मात्र एकाच ठिकाणी, म्हणजे ग्राहकाच्या मीटरवर होते. मीटरने नोंदवलेल्या युनिटवरून देयक तयार होते, देयकातून वितरण कंपनीला महसूल मिळतो आणि त्याच महसुलातून वीज खरेदीची रक्कम उत्पादकांना दिली जाते. म्हणूनच मीटर टाळून वीज घेणे किंवा मीटरची नोंद कमी करणे यामुळे या संपूर्ण साखळीचा पायाच ढासळतो. चोरीस गेलेल्या विजेचा भार अखेरीस वीजदराच्या रूपाने नियमित देयक भरणाऱ्या ग्राहकावर किंवा अनुदानाच्या रूपाने राज्याच्या तिजोरीवर पडतो.

या प्रश्नाला दुसरीही बाजू आहे. वीजचोरीचा ठपका ही गंभीर बाब आहे. भरारी पथकाची भेट, तोडलेला पुरवठा, हजारो किंवा लाखो रुपयांची आकारणी आणि पोलीस ठाण्यातील तक्रार या सर्व गोष्टी एखाद्या लहान दुकानदारावर किंवा कुटुंबावर एकाच दिवशी कोसळू शकतात. मीटर नादुरुस्त असणे, कंपनीच्या कर्मचाऱ्याकडून नोंदणीत चूक होणे आणि ग्राहकाने लबाडीने फेरफार करणे या तीन भिन्न गोष्टी आहेत. परंतु देयकावर त्या तिन्हींचा परिणाम सारखाच दिसतो. हा भेद कोणी, कसा व कोणत्या पुराव्याच्या आधारे करावयाचा, हा वीजचोरीविषयक कायदेशीर वादांचा गाभा आहे.

हानीचे मापन

वितरण व्यवस्थेतील एकूण हानी 'एकूण तांत्रिक व वाणिज्यिक हानी' या संज्ञेने मोजली जाते. वाहिन्यांमध्ये व रोहित्रांमध्ये उष्णतेच्या रूपाने वाया जाणारी वीज ही तांत्रिक हानी होय. ती कमी करता येते, परंतु पूर्णपणे टाळता येत नाही. चोरी, सदोष मीटर, मीटरविना पुरवठा, चुकीची देयके आणि न झालेली वसुली यांतून होणारी हानी ही वाणिज्यिक हानी होय.

एक साधे उदाहरण घेता येईल. वितरण कंपनीने १०० युनिट वीज खरेदी केली, त्यांपैकी ८५ युनिटची देयके दिली आणि देयकांच्या रकमेपैकी ९५ टक्के रक्कम वसूल झाली, तर कंपनीला प्रत्यक्षात सुमारे ८०.७५ युनिटचाच मोबदला मिळाला. म्हणजेच एकूण हानी १९.२५ टक्के झाली. यात चोरीचा वाटा नेमका किती, हे या आकड्यावरून समजत नाही. त्यामुळे 'हानी' आणि 'चोरी' हे शब्द समानार्थी मानणे योग्य नाही.

देशपातळीवर ही हानी २०२०-२१ मध्ये सुमारे २२ टक्के होती. २०२१-२२ मध्ये ती सुमारे १६ टक्क्यांपर्यंत खाली आली. जुलै २०२१ मध्ये सुरू झालेल्या सुधारित वितरण क्षेत्र योजनेने ती १२ ते १५ टक्क्यांच्या मर्यादेत आणण्याचे उद्दिष्ट ठेवले. ३,०३,७५८ कोटी रुपये खर्चाच्या या योजनेत प्रीपेड स्मार्ट मीटर बसवण्यावर विशेष भर देण्यात आला.

वीज ही 'चोरीची वस्तू' ठरते कशी?

भारतीय दंड संहितेतील चोरीची व्याख्या 'जंगम मालमत्ते'शी निगडित होती. जंगम मालमत्ता म्हणजे मूर्त स्वरूपाची, एका जागेवरून दुसऱ्या जागी नेता येणारी वस्तू. वीज दिसत नाही, तिला आकार नाही आणि ती हातात धरता येत नाही. त्यामुळे सर्वसाधारण फौजदारी कायद्यानुसार विजेची चोरी होऊ शकते काय, हा प्रश्न आरंभापासूनच उपस्थित होता.

भारतीय विद्युत अधिनियम, १९१० च्या कलम ३९ ने या प्रश्नावर तोडगा काढला. जो कोणी अप्रामाणिकपणे वीज काढून घेईल त्याने चोरी केली असे 'मानण्यात येईल', अशी तरतूद त्यात होती. कायद्याच्या भाषेत याला विधिकल्पना म्हणतात. पंजाबातील एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने असे स्पष्ट केले की, वीजचोरी हा गुन्हा या विशेष कायद्यामुळेच अस्तित्वात येतो. म्हणून त्याच कायद्याने सांगितलेल्या व्यक्तीने किंवा प्राधिकाऱ्याने कार्यवाही सुरू केलेली नसेल, तर खटला टिकू शकत नाही. हे पथ्य न पाळल्यामुळे त्या खटल्यातील शिक्षा रद्द झाली. विशेष कायद्याने दिलेले अधिकार त्या कायद्याने घालून दिलेल्या पद्धतीनेच वापरावे लागतात, हे सूत्र आजच्या वादांतही तितकेच महत्त्वाचे आहे.

दंडविधानाच्या दृष्टीने वीज 'जंगम मालमत्ता' नसली, तरी कराच्या दृष्टीने ती 'माल' आहे, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने २००२ मध्ये राष्ट्रीय औष्णिक वीज महामंडळाशी संबंधित प्रकरणात मान्य केले. एकाच वस्तूला दोन कायद्यांत दोन भिन्न स्वरूपे लाभू शकतात, याचे हे उत्तम उदाहरण आहे.

१९८६ पूर्वीच्या आणि नंतरच्या तरतुदींतही फरक पडला. १९८६ च्या दुरुस्तीने शिक्षा वाढवण्यात आली आणि वीजचोरीस साहाय्य करणे हाही गुन्हा ठरला. पुढे १० जून २००३ पासून विद्युत अधिनियम, २००३ अमलात आला आणि १९१० चा कायदा निरसित झाला. वीज हा विषय राज्यघटनेच्या सातव्या अनुसूचीतील समवर्ती सूचीत, नोंद ३८ मध्ये येतो. त्यामुळे मूळ कायदा संसदेचा असला, तरी पुरवठा संहिता तयार करण्याचे काम राज्य वीज नियामक आयोगांकडे असते.

दोन वाटा : कलम १२६ आणि कलम १३५

२००३ च्या कायद्याने विजेच्या गैरवापरासाठी दोन स्वतंत्र मार्ग आखले आहेत. कलम १२६ हा दिवाणी स्वरूपाचा, महसूल वसुलीचा मार्ग आहे. कलम १३५ हा फौजदारी स्वरूपाचा, शिक्षेचा मार्ग आहे. परीक्षेच्या दृष्टीने आणि व्यवहारातही या दोहोंतील भेद ध्यानात घेणे आवश्यक आहे.

कलम १२६ 'विजेच्या अनधिकृत वापरा'शी संबंधित आहे. कृत्रिम साधनाने वीज घेणे, संबंधित व्यक्तीने, प्राधिकरणाने किंवा परवानाधारकाने मान्यता न दिलेल्या मार्गाने वीज घेणे, फेरफार केलेल्या मीटरमधून वीज वापरणे, ज्या प्रयोजनासाठी परवानगी आहे त्याहून वेगळ्या प्रयोजनासाठी ती वापरणे आणि मंजूर जागेखेरीज अन्य जागेत वीज नेणे, अशा पाच प्रकारांचा या संज्ञेत समावेश होतो. निवासी दराने घेतलेल्या विजेवर दुकान चालवणे हे याचे नेहमी आढळणारे उदाहरण होय. येथे ग्राहकाचा हेतू काय होता, हे सिद्ध करण्याची गरज नसते.

कलम १३५ मात्र 'अप्रामाणिकपणे' या शब्दाने सुरू होते. वाहिनीवर आकडा टाकून वीज घेणे, मीटरमध्ये फेरफार करणे, अचूक नोंदीत अडथळा आणणारे साधन वापरणे, मीटर किंवा तारा जाणीवपूर्वक खराब करणे ही कृत्ये या कलमाखाली चोरी ठरतात. फेरफार केलेल्या मीटरमधून वीज वापरणे आणि मान्य प्रयोजनाबाहेर वीज वापरणे ही दोन कृत्ये २००७ च्या दुरुस्तीने यात समाविष्ट झाली. त्यामुळे दोन्ही कलमांची शब्दरचना काही अंशी परस्परव्यापी झाली. दोहोंना वेगळे करणारी रेषा अप्रामाणिक हेतूची आहे.

ओडिशातील एका भात गिरणीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये या भेदाचे सविस्तर विवेचन केले. मंजूर भारापेक्षा जास्त वीज वापरणे हे चोरी नसले, तरी तो अनधिकृत वापर आहे आणि त्यास कलम १२६ लागू होते, असे न्यायालयाने ठरवले. केरळ राज्य वीज मंडळाच्या प्रकरणात डिसेंबर २०२२ मध्ये हाच दृष्टिकोन पुढे नेण्यात आला. केरळच्या २०१४ च्या पुरवठा संहितेतील एक विनियम अशा जादा वापरास काही बाबतींत अनधिकृत वापरातून वगळत होता. तो मूळ कायद्याशी विसंगत असल्याने अवैध ठरवण्यात आला. दुय्यम विधान मूळ अधिनियमाच्या मर्यादेतच राहिले पाहिजे, हे तत्त्व त्यातून पुन्हा अधोरेखित झाले.

चोरीच्या प्रकरणात कलम १२६ खाली आकारणी करता येते काय, हा प्रश्नही बराच काळ चर्चेत होता. पश्चिम बंगालच्या वितरण कंपनीच्या प्रकरणात २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याचे उत्तर होकारार्थी दिले. प्रत्येक अनधिकृत वापर ही चोरी नसते. परंतु प्रत्येक चोरी हा अनधिकृत वापर असतोच, असे या निर्णयाचे सार सांगता येईल.

आकारणीची रीत आणि एक उदाहरण

कलम १२६ खाली राज्य शासनाने नेमलेला निर्धारण अधिकारी जागेची तपासणी करून प्रथम तात्पुरता आकारणी आदेश देतो. ग्राहकास त्यावर हरकत घेण्याचा हक्क आहे. त्याचे म्हणणे ऐकून, तात्पुरता आदेश बजावल्यापासून ३० दिवसांच्या आत अंतिम आदेश द्यावा लागतो. आकारणी मान्य असल्यास ग्राहक सात दिवसांच्या आत रक्कम भरू शकतो. अनधिकृत वापर जितक्या काळ चालू होता तितक्या काळासाठी, आणि तो काळ निश्चित करता येत नसल्यास तपासणीपूर्वीच्या १२ महिन्यांसाठी, लागू दराच्या दुप्पट दराने आकारणी होते. जून २००७ पूर्वी हा दर दीडपट होता आणि कालावधीही कमी होता.

अंतिम आदेशाविरुद्ध कलम १२७ खाली ३० दिवसांत अपील करता येते. त्यासाठी आकारणीच्या निम्मी रक्कम आधी जमा करावी लागते. अपिलाचा निर्णय अंतिम असतो. रक्कम थकल्यास वार्षिक १६ टक्के दराने, दर सहा महिन्यांनी चक्रवाढ पद्धतीने व्याज लागू होते.

पाच किलोवॅट मंजूर भार असलेल्या एका काल्पनिक दुकानाचा विचार करू या. तेथे दरमहा ४०० युनिट वीज मीटरबाहेर वापरली गेली आणि लागू दर प्रतियुनिट ८ रुपये आहे असे मानले, तर १२ महिन्यांत ४,८०० युनिटचा अनधिकृत वापर झाला. दुप्पट दराने आकारणी ७६,८०० रुपये होईल आणि अपिलासाठी ३८,४०० रुपये जमा करावे लागतील. हेच प्रकरण चोरी म्हणून सिद्ध झाले, तर दुकानदाराचा आर्थिक लाभ ३८,४०० रुपये धरून त्याच्या किमान तिप्पट, म्हणजे १,१५,२०० रुपये दंड पहिल्याच दोषसिद्धीत होऊ शकेल. लहान व्यावसायिकासाठी ही रक्कम किती मोठी आहे, हे लक्षात घेतले म्हणजे प्रक्रियेतील प्रत्येक टप्प्याचे महत्त्व कळते.

चोरीची शिक्षा आणि तपासणीची पथ्ये

कलम १३५ खाली तीन वर्षांपर्यंत कारावास, दंड किंवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात. वापरलेला भार १० किलोवॅटपर्यंत असल्यास पहिल्या दोषसिद्धीत आर्थिक लाभाच्या किमान तिप्पट आणि पुढील दोषसिद्धीत किमान सहापट दंड आहे. भार १० किलोवॅटहून अधिक असेल, तर दुसऱ्या व त्यापुढील दोषसिद्धीत सहा महिने ते पाच वर्षे कारावास आणि सहापट दंड होऊ शकतो. शिवाय तीन महिने ते दोन वर्षे वीजपुरवठा मिळण्यास मनाई केली जाते. कलम १५१ब नुसार कलम १३५ ते १४० व कलम १५० खालील गुन्हे दखलपात्र आणि अजामीनपात्र आहेत.

इतक्या कठोर तरतुदींबरोबरच कायद्याने अधिकाऱ्यांवरही बंधने घातली आहेत. चोरी आढळल्यास पुरवठा तत्काळ तोडता येतो. परंतु ते काम आयोगाने प्राधिकृत केलेल्या किंवा त्याहून वरिष्ठ अधिकाऱ्यानेच करावयाचे असते. पुरवठा तोडल्यापासून २४ तासांच्या आत पोलीस ठाण्यात लेखी तक्रार देणे बंधनकारक आहे. ग्राहकाने आकारलेली रक्कम भरल्यास ४८ तासांत पुरवठा पूर्ववत करावा लागतो; त्यामुळे खटला थांबत नाही. झडतीच्या वेळी जागेतील रहिवासी उपस्थित असला पाहिजे. जप्त वस्तूंची यादी तयार करून त्यावर त्याची स्वाक्षरी घ्यावी लागते व त्याला प्रत द्यावी लागते. निवासी जागेची तपासणी, तेथे राहणारा प्रौढ पुरुष सदस्य हजर असल्याखेरीज, सूर्यास्त ते सूर्योदय या काळात करता येत नाही. झडती व जप्तीसाठी पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहिता, १९७३ च्या तरतुदी लागू होत्या. १ जुलै २०२४ पासून तिची जागा भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, २०२३ ने घेतली आहे.

गृहीतक, पुरावा आणि मीटर

फौजदारी खटल्यात आरोप सिद्ध करण्याची जबाबदारी फिर्यादी पक्षावर असते. कलम १३५ ने या नियमाला अंशतः मुरड घातली आहे. वीज काढून घेण्यासाठी कृत्रिम किंवा अनधिकृत साधन अस्तित्वात होते हे सिद्ध झाल्यास, ती वीज ग्राहकाने अप्रामाणिकपणे घेतली असे, विरुद्ध सिद्ध होईपर्यंत, गृहीत धरले जाते. घराच्या आत, बंद दाराआड होणाऱ्या कृत्याचा प्रत्यक्ष साक्षीदार मिळणे कठीण असल्याने ही तरतूद आवश्यक मानली गेली. तथापि, गृहीतक लागू होण्यापूर्वी साधनाचे अस्तित्व कंपनीला सिद्ध करावेच लागते. नुसता संशय त्यासाठी पुरेसा नसतो.

मीटरवरील तुटलेले सील हे याचे ठळक उदाहरण आहे. सील तुटणे ही संशयास जागा देणारी बाब आहे. मात्र ते काळाच्या ओघात, दुरुस्तीच्या वेळी किंवा अन्य कारणानेही तुटू शकते. दिल्ली उच्च न्यायालयाने २००७ मधील निर्णयांत असा दृष्टिकोन स्वीकारला की, केवळ सीलच्या स्थितीवरून चोरीचा निष्कर्ष काढता येणार नाही. मीटरमध्ये प्रत्यक्ष फेरफार झाल्याचा आणि त्यामुळे नोंद कमी झाल्याचा पुरावा हवा. आधीच्या व नंतरच्या वापराची तुलना हा असा एक पुरावा ठरतो. मीटर बदलल्यावर वापर एकाएकी दुप्पट झाला, तर संशय बळावतो. तो पूर्वीइतकाच राहिला, तर आरोप दुबळा होतो. अर्थात हंगामी व्यवसाय, बंद घर किंवा नव्याने बसवलेली यंत्रे यांमुळेही वापर बदलतो, याचे भान ठेवावे लागते.

इलेक्ट्रॉनिक मीटर केवळ युनिट मोजत नाहीत. मीटरचे झाकण उघडणे, प्रवाहाची दिशा उलटी होणे, एखाद्या फेजचा दाब नाहीसा होणे, तीव्र चुंबकीय प्रभाव पडणे अशा घटनाही ते तारीख व वेळेसह नोंदवू शकतात. ही नोंद न्यायालयात सादर करताना इलेक्ट्रॉनिक पुराव्याचे नियम पाळावे लागतात. भारतीय साक्ष अधिनियम, २०२३ चे कलम ६३ त्यासाठी लागू आहे. मीटर जागेवरच मोहोरबंद करणे आणि प्रयोगशाळेत ग्राहकासमक्ष उघडणे हे निष्पक्ष तपासणीचे लक्षण होय. मोहोरबंद न केलेला मीटर अनेक दिवस कार्यालयात पडून राहिला, तर अहवालाचे मोल कमी होते.

मीटरच्या अचूकतेची जबाबदारीही एकतर्फी नाही. कलम ५५ नुसार योग्य मीटरद्वारेच पुरवठा करणे परवानाधारकावर बंधनकारक आहे. केंद्रीय विद्युत प्राधिकरणाच्या २००६ च्या विनियमांत मीटरची उभारणी, सील आणि चाचणी यांचे निकष दिले आहेत. सदोष मीटर आणि लबाडी यांतील भेद जुन्या कायद्यातही होता. मध्य प्रदेश वीज मंडळाच्या प्रकरणात १९८७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने असे म्हटले होते की, मीटर अचूक आहे की नाही हा वाद विद्युत निरीक्षकाकडे जाईल. परंतु सील तोडून किंवा मीटरमध्ये फेरफार करून फसवणूक केल्याचा आरोप असेल, तर तो वाद निरीक्षकाच्या कक्षेत येणार नाही.

चूक आणि चोरी

काही वेळा कमी देयकाचे कारण कंपनीचीच चूक असते. मोठ्या ग्राहकांच्या मीटरवरील वाचनास ठरावीक गुणकाने गुणून प्रत्यक्ष वापर काढला जातो. हरियाणातील एका कापड उद्योगाच्या बाबतीत हा गुणक १० ऐवजी ५ धरला गेला आणि देयके निम्म्याने कमी गेली. राजस्थानात अजमेर विद्युत वितरण निगमाच्या प्रकरणात चुकीचा दरसंकेत लावला गेला होता. या दोन्ही प्रकरणांत ग्राहकांनी कलम ५६(२) मधील दोन वर्षांच्या मुदतीचा आधार घेतला.

अजमेरच्या प्रकरणात २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की, चूक लक्षात आल्यावर कंपनी फरकाचे देयक देऊ शकते. मात्र दोन वर्षांची मुदत उलटल्यानंतर अशा जुन्या रकमेसाठी पुरवठा तोडण्याचे हत्यार तिला वापरता येणार नाही. हरियाणाच्या प्रकरणात २०२१ मध्ये न्यायालयाने असा खुलासा केला की, हिशेबातून निसटलेली रक्कम मागणे ही सेवेतील त्रुटी ठरत नाही. चुकीच्या वसुलीत दुप्पट आकारणी, दंड किंवा पोलीस तक्रार यांना स्थान नसते. म्हणूनच वाद उद्भवताच तो चूक, अनधिकृत वापर आणि चोरी या तिन्हींपैकी कशात मोडतो, हे ठरवणे ही पहिली पायरी होय.

दाद कोठे मागावी?

चुकीच्या स्थळी केलेली तक्रार, ती कितीही रास्त असली तरी, वेळ व पैसा वाया घालवते. दिवाणी न्यायालयास कलम १२६ व १२७ खालील बाबींत अधिकार नाही, असे कलम १४५ सांगते. उत्तर प्रदेश पॉवर कॉर्पोरेशनच्या प्रकरणात २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की, कलम १२६ खालील आकारणी किंवा कलम १३५ ते १४० खालील गुन्ह्यांविषयीची तक्रार ग्राहक मंचापुढे चालणार नाही. सेवेतील त्रुटीच्या अन्य तक्रारी मात्र तेथे नेता येतात. देयक, मीटर किंवा सेवेविषयीच्या सर्वसाधारण तक्रारींसाठी कलम ४२ खालील ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंच आणि त्यानंतर विद्युत लोकपाल अशी व्यवस्था आहे.

चोरीचे खटले कलम १५३ खालील विशेष न्यायालयात चालतात. कंपनीच्या लेखी तक्रारीप्रमाणेच पोलीस अहवालावरूनही न्यायालय दखल घेऊ शकते, ही बाब २००७ च्या दुरुस्तीने निःसंदिग्ध झाली आणि छत्तीसगडमधील प्रकरणात २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिला दुजोरा दिला. विशेष न्यायालय शिक्षेबरोबरच दिवाणी दायित्वही निश्चित करते. ही रक्कम दिवाणी हुकूमनाम्याप्रमाणे वसूल होते. ग्राहकाने आधी भरलेली रक्कम निश्चित दायित्वाहून जास्त असल्यास, जादा रक्कम १५ दिवसांत व्याजासह परत करावी लागते. आरोपाच्या दिवशीच पैसे भरावे लागलेल्या ग्राहकासाठी ही तरतूद मोलाची आहे. परंतु तिची माहिती फार थोड्यांना असते.

कलम १५२ तडजोडीची वाट उपलब्ध करून देते. कायद्यातील तक्त्यानुसार तडजोडीचा दर औद्योगिक वापरासाठी प्रतिकिलोवॅट २०,००० रुपये, वाणिज्यिक वापरासाठी १०,००० रुपये, कृषी वापरासाठी २,००० रुपये आणि अन्य वापरासाठी ४,००० रुपये आहे. शासन अधिसूचनेद्वारे तो बदलू शकते. वरील काल्पनिक दुकानासाठी ही रक्कम ५०,००० रुपये होईल. तडजोड स्वीकारली गेल्यास ती दोषमुक्ती मानली जाते; मात्र ही सवलत एका व्यक्तीस एकदाच मिळते.

महत्त्वाची कलमे एका दृष्टिक्षेपात

कलम ५५ : मीटरद्वारे पुरवठ्याचे बंधन
कलम ५६(२) : थकबाकीसाठी दोन वर्षांची मर्यादा
कलम १२६ व १२७ : अनधिकृत वापराची आकारणी आणि अपील
कलम १३५ : वीजचोरी
कलम १३६ : वीजवाहिन्या व साहित्याची चोरी
कलम १३८ : मीटर किंवा परवानाधारकाच्या यंत्रणेत हस्तक्षेप
कलम १४५ : दिवाणी न्यायालयास मनाई
कलम १५० : गुन्ह्यास साहाय्य (कंपनीचे कर्मचारीही यात येऊ शकतात)
कलम १५२ : तडजोड
कलम १५३ व १५४ : विशेष न्यायालये, त्यांची कार्यपद्धती व दिवाणी दायित्व

तंत्रज्ञान आणि ग्राहकांचे हक्क

वीज (ग्राहकांचे हक्क) नियम, २०२० ने नवीन जोडणी मीटरशिवाय न देण्याचा आणि स्मार्ट प्रीपेमेंट किंवा प्रीपेमेंट मीटरचा पुरस्कार केला. स्मार्ट मीटरमुळे वापराची नोंद ठरावीक अंतराने थेट कंपनीकडे पोहोचते. रोहित्रावरील मीटर आणि त्यावरील सर्व ग्राहकांचे मीटर यांच्या नोंदींचा ताळा घेतल्यास हानी कोणत्या भागात आहे, हे शोधता येते. त्यामुळे सरसकट छाप्यांऐवजी नेमक्या ठिकाणी तपासणी करणे शक्य होते.

नव्या मीटरविषयी ग्राहकांच्या मनात शंकाही आहेत. त्यांची दखल घेऊन २०२३ च्या दुरुस्तीने असे ठरवले की, स्मार्ट मीटरने नोंदवलेल्या कमाल मागणीच्या आधारे तो बसवण्यापूर्वीच्या काळासाठी दंडात्मक आकार लावता येणार नाही. २०२४ च्या दुरुस्तीनुसार मीटरचे वाचन प्रत्यक्ष वापराशी जुळत नसल्याची तक्रार आल्यास पाच दिवसांत अतिरिक्त मीटर बसवून किमान तीन महिने पडताळणी करावी लागते. आरोप आणि शंका या दोन्हींची तड मोजमापाने लावण्याचा हा मार्ग आहे.

केवळ कायदा कठोर करून चोरी थांबत नाही, हे अनुभवाने सिद्ध झाले आहे. दिल्लीत जुलै २००२ मध्ये वितरणाचे खाजगीकरण झाले तेव्हा हानी सुमारे निम्म्यावर होती. त्यानंतरच्या दोन दशकांत ती दहा टक्क्यांच्या खाली आली. महाराष्ट्रात यंत्रमागांचे शहर असलेल्या भिवंडीत जानेवारी २००७ पासून वितरण फ्रँचायझीचा प्रयोग झाला आणि तेथेही हानीत मोठी घट झाली. या दोन्ही ठिकाणी मीटर बदलणे, वाहिन्यांचे नूतनीकरण, नियमित देयके आणि अंमलबजावणी ही कामे एकत्र झाली. ज्या वस्तीत अधिकृत जोडणी सुलभपणे मिळत नाही, तेथे आकडा हा अनेकदा पुरवठ्याचा एकमेव मार्ग असतो. अशा ठिकाणी वेळेवर दिलेली अधिकृत जोडणी खटल्यांपेक्षा अधिक परिणामकारक ठरते.

समारोप

वीजचोरीविषयक कायद्याचा प्रवास १९१० मधील एका विधिकल्पनेपासून विशेष न्यायालये, दुप्पट आकारणी आणि स्मार्ट मीटरपर्यंत झाला आहे. या प्रवासात राज्याची ताकद वाढली आणि त्याचबरोबर प्रक्रियेची पथ्येही अधिक स्पष्ट झाली. न्यायनिर्णयांतून तीन सूत्रे ठळकपणे पुढे येतात : अनधिकृत वापरासाठी हेतू सिद्ध करावा लागत नाही, चोरीसाठी तो लागतो, गृहीतक लागू होण्यापूर्वी मूलभूत वस्तुस्थिती सिद्ध झाली पाहिजे, आणि कंपनीच्या चुकीचे ओझे ग्राहकावर दंड म्हणून टाकता येत नाही.

मीटर हा कंपनी आणि ग्राहक यांच्यातील कराराचा साक्षीदार आहे. त्याची नोंद विश्वासार्ह राहिली, तर चोरीला आळा बसेल, प्रामाणिक ग्राहकावरील दराचा भार हलका होईल आणि निरपराध व्यक्तीवर चोरीचा शिक्का बसण्याची शक्यताही कमी होईल. वितरण सुधारणांचे यश हानीच्या टक्केवारीइतकेच या विश्वासावरही मोजले जाणे आवश्यक आहे.